वहिनीला खोटं ठरवल्याशिवायही सुटता येतं

प्रश्न : पुण्यात आयटी कंपनीत नोकरी करणाऱ्या, तिशीतल्या एका अविवाहित वाचक भगिनीचं पत्र आलं आहे. मूळ घर सांगली जिल्ह्यात. थोरल्या भावाचं लग्न डिसेंबर २०२० मध्ये झालं. फेब्रुवारी २०२४ मध्ये वहिनी सोलापूर जिल्ह्यातल्या माहेरी निघून गेल्या. मार्च २०२५ मध्ये त्यांनी तिथल्या पोलीस ठाण्यात नवरा, सासू, सासरे आणि नणंद अशा चौघांविरुद्ध फिर्याद दिली. कलमं जुन्या भारतीय दंड संहितेची : ४९८अ (नवरा किंवा सासरच्यांकडून छळ), ३२३ (मारहाण), ५०४ (भांडण भडकावण्यासाठी अपमान), ५०६ (धमकी) आणि ३४ (सगळ्यांनी मिळून केलेलं कृत्य). पत्रलेखिकेला पोलिसांची नोटीस आली, त्या जाऊन जबाब देऊन आल्या. दोषारोपपत्र अजून दाखल नाही. कंपनी त्यांना जर्मनीला पाठवायचं म्हणते आहे. घरच्या वकिलांचं मत, चौघांनी मिळून हायकोर्टात जाऊ, क्वॉशिंग, म्हणजे फिर्यादच रद्द, होऊन जाईल. पत्रासोबत फिर्यादीची प्रत आहे, आणि व्हॉट्सॲपचे स्क्रीनशॉट, फोटो, बँकेचे उतारे भरलेला पेनड्राइव्हही. त्या विचारतात, "मी काहीच केलेलं नाही हे इतकं उघड असताना मला खटल्याला का उभं राहावं लागावं? कोर्ट आधीच केस काढून टाकू शकत नाही का?"

उत्तर :

पेनड्राइव्ह मी उघडलेला नाही. तुमच्या प्रश्नाचं उत्तर त्यात नाही म्हणून. फिर्याद मात्र सावकाश वाचली, आणि सगळं घोडं तिथल्या एका वाक्यापाशी अडलं आहे. त्या वाक्याबद्दल तुमच्या पत्रात जवळजवळ काहीच नाही.

कोर्ट खटल्याआधी केस काढून टाकू शकतं का? शकतं. पण तुम्ही धरून चालला आहात की त्यासाठी न्यायाधीश 'खरं कोण बोलतंय' हे पाहतील. ते पाहण्याची जागा खटला. त्याआधी कोर्ट स्वतःला विचारतं ते असं : फिर्यादीने लिहून दिलेलं अक्षरन् अक्षर खरं मानलं, पोलिसांनी गोळा केलेले जबाब आणि कागद जसेच्या तसे धरले, तरी या बाईने कायद्यात बसणारा गुन्हा केल्याचं दिसतं का? दिसत नसेल तर तिला उभं करण्यात अर्थ नाही. दिसत असेल तर साक्षी होतील, उलटतपास होईल आणि तुमचा पेनड्राइव्ह त्या वेळी कामाला येईल. आरोप निश्चित करताना आरोपीला स्वतःचा पुरावा पुढे करण्याचा हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने देबेंद्रनाथ पाधी खटल्यात स्पष्ट केलं, त्यालाही आता वीस वर्षं होऊन गेली.

म्हणून माझी पहिली विनंती. एक दुपार मोकळी काढा आणि ही फिर्याद वहिनींच्या सख्ख्या भावाने वाचावी तशी वाचा. जिथे जिथे तुमचं नाव आहे तिथे पेन्सिलीने रेघ मारा. "हे खोटं आहे" असं समासात लिहू नका. एवढंच लिहा : हे खरं धरलं तर मी काय केलं, कधी, कुठे, कुणासमोर?

मी तेच केलं. तुमचं नाव दोन जागी आहे. पहिली जागा : "सासू, सासरे व नणंद यांनी संगनमत करून वेळोवेळी माझा शारीरिक व मानसिक छळ केला." यात तारीख नाही, प्रसंग नाही, कोणी काय केलं ते नाही. अशा घाऊक आरोपावर नणंदेला आणि दिराला खटल्यात ओढता येणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ च्या गीता मेहरोत्रा निकालात सांगितलं, २०२२ मध्ये पुन्हा सांगितलं, डिसेंबर २०२४ मध्ये आणखी एकदा सांगितलं. सुक्याबरोबर ओलंही जळतं, हे कोर्टांना चांगलं ठाऊक आहे. तुमचं नाव फक्त याच वाक्यात असतं तर हे उत्तर अर्ध्या पानात संपलं असतं.

दुसरी जागा गणपतीची. सप्टेंबर २०२१. "नणंद सणाला आली असता माहेरून दोन लाख आण असे म्हणून तिने माझा हात पिरगाळला." तुमच्या पत्रात याबद्दल एकच ओळ आहे : "तेव्हा थोडी बोलाचाली झाली होती, पण हात वगैरे काही नाही." म्हणजे तुम्ही त्या दिवशी त्या घरात होता, वाद झाला, आणि पैशाचा विषय निघाला की नाही याबद्दल तुम्ही गप्प आहात. गप्प का, हे मला सांगू नका. तुमच्या वकिलांना सांगा, आणि सगळं सांगा. हात पिरगाळला की नाही हे खटल्याआधी कोणतंही कोर्ट ठरवणार नाही. वाक्य खरं धरलं तर मागणीही आहे आणि मारहाणही. ४९८अ मध्ये बेकायदा मागणीसाठी केलेला छळ येतोच. "नणंदांच्या केसेस रद्द होतात" असं सांगणारे नातेवाईक आणि यूट्यूबवरचे वकील या दुसऱ्या वाक्यापर्यंत पोचलेलेच नसतात.

त्यातही बोलायला जागा आहे. एकच प्रसंग, तोही फिर्यादीच्या साडेतीन वर्षं आधीचा. एवढ्यावर तुमच्यापुरता 'छळ' म्हणता येईल का, हा पहिला मुद्दा. दुसरा मुदतीचा, आणि त्याकडे फार कमी लोक बघतात. तीन वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या गुन्ह्याची तक्रार घटनेपासून तीन वर्षांत यावी लागते, नाहीतर कोर्टाला त्याची दखल घेता येत नाही. ४९८अ त्यात बसतं. समोरून उत्तर येईल की छळ सतत चालू होता, शेवट २०२४ चा धरा. शिवाय विलंब माफ करण्याचा अधिकारही कोर्टाला आहे. पण तुमच्यावरचा नेमका आरोप एका सणाचा आहे आणि तुम्ही राहता पुण्यात, हे पाहता हा मुद्दा मांडण्याजोगा नक्की आहे. फक्त ५०६ चा दुसरा भाग, म्हणजे जिवे मारण्याची धमकी, तुमच्या नावावर लावली आहे का ते तपासा. तिथे शिक्षा सात वर्षांपर्यंत जाते आणि मुदतीचं गणित बदलतं.

आता रस्ते. सगळ्यात आधीचा, आणि ज्याला कोणी किंमत देत नाही असा, तपास अधिकाऱ्याचा. दोषारोपपत्र जाईपर्यंत तुमच्याविरुद्ध पुरावा नाही असं त्यांना वाटलं तर ते तुमचं नाव वगळून बाकीच्यांविरुद्ध दोषारोपपत्र पाठवू शकतात. पुण्यातला भाडेकरार, ऑफिसची हजेरी, असे थोडके आणि कोणी वाद घालू शकणार नाही असे कागद एका साध्या अर्जासोबत द्या आणि पोच घ्या. चाळीस स्क्रीनशॉट देऊ नका, कोणी वाचत नाही. सबंध प्रकरणच पोकळ निघालं तर आपल्याकडे पोलीस समरी, म्हणजे तपास बंद करण्याचा अहवाल, कोर्टाला पाठवतात : फिर्याद जाणूनबुजून खोटी असेल तर 'बी', गैरसमजातून आलेली किंवा मुळात दिवाणी असेल तर 'सी'. बायकोच्या छळाच्या गुन्ह्यात 'बी' समरीवर आशा ठेवून बसू नका. आणि नाव वगळलं गेलं तरी खटल्यात साक्षीतून पुरावा आला तर कोर्ट तुम्हाला परत बोलावू शकतं, हेही माहीत असू द्या.

दुसरा रस्ता दंडाधिकाऱ्यांसमोरच्या डिस्चार्ज अर्जाचा, म्हणजे खटला चालण्याआधीच आरोपातून मुक्त करा असं सांगणारा. दोषारोपपत्र दाखल झालं, कागदांच्या प्रती तुमच्या हातात पडल्या, की आरोप निश्चित होण्याआधी हा अर्ज करता येतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २६२ मध्ये आता त्याला प्रती मिळाल्यापासून साठ दिवसांची मुदत घातली आहे. पूर्वी अशी मुदत नव्हती, त्यामुळे जुन्या सवयीचे वकील अजून "बघू पुढच्या तारखेला" म्हणतात. तुम्ही म्हणू देऊ नका. या टप्प्यावर नुसता संशय पुरत नाही, दाट संशय लागतो. न्यायाधीशाने टपालखात्यासारखं सरकार पक्षाचं म्हणणं पुढे ढकलू नये, हे १९७९ च्या प्रफुल्लकुमार सामल निकालापासून सांगितलं जातंय. अर्ज फेटाळला तर सत्र न्यायालयात फेरतपासणी अर्ज आहे.

तिसरा हायकोर्टाचा, ज्याच्याबद्दल घरात सगळे बोलतायत. कलम ५२८. आकड्यांचा हा घोळ इथेच सोडवून ठेवतो, कारण वकिलांच्या चेंबरबाहेर बसून लोक यात हमखास गोंधळतात. जुन्या कायद्यात, म्हणजे फौजदारी प्रक्रिया संहितेत, क्वॉशिंगचं कलम ४८२ होतं, नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ते ५२८ झालं. नव्या कायद्यातलं ४८२ हे अटकपूर्व जामिनाचं. अटकपूर्व जामिनाचा जुना आकडा ४३८ होता, आणि नव्यात ४३८ म्हणजे फेरतपासणी. कायदा करणाऱ्यांना एवढे आकडे मोकळे असताना हेच का सापडले, देव जाणे. तुमच्या फिर्यादीत ४९८अ हे दंड संहितेचं जुनंच कलम लागलं आहे ते बरोबर आहे, कारण घटना जुलै २०२४ च्या आधीच्या. कार्यपद्धती मात्र नव्या संहितेची चालेल.

हायकोर्टाचा हा अधिकार मोठा आहे आणि म्हणूनच तो जपून वापरायचा असतो. सगळे ज्याचा हवाला देतात तो भजनलाल निकाल (हरियाणाचे माजी मुख्यमंत्री तेच) सात प्रकारची प्रकरणं सांगतो, ज्यांत फिर्याद रद्द करता येते. गंमत अशी की खुद्द त्या प्रकरणात हायकोर्टाने रद्द केलेली फिर्याद सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा उभी केली होती. रद्द झाला तो फक्त अधिकार नसलेल्या पोलीस निरीक्षकाने केलेला तपास. आणि २०२१ मध्ये महाराष्ट्रातूनच गेलेल्या नीहारिका इन्फ्रास्ट्रक्चरच्या खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने बजावलं की तपास चालू असताना सरसकट "कठोर कारवाई करू नये" असे अंतरिम आदेश देत बसू नका. तेव्हा याचिका दाखल केली की लगेच सगळं थांबतं, ही समजूत काढून टाका.

पण जे स्क्रीनशॉट डिस्चार्जला चालत नाहीत त्यांतला एखादा कागद हायकोर्टात चालू शकतो. कागद निर्विवाद हवा, समोरचा ज्याला नाही म्हणूच शकणार नाही असा, आणि आरोप मुळासकट उखडणारा. त्या गणपतीत तुम्ही परदेशात असता तर पासपोर्टवरचा शिक्का पुरला असता. तुम्ही तर घरात होता.

तुमच्या वकिलांच्या सल्ल्यातली मला खटकलेली गोष्ट आता सांगतो. चौघांची एकत्र याचिका. फिर्यादीचा मोठा भाग तुमच्या भावाबद्दल आहे : तारखा आहेत, दवाखान्याचा कागद आहे, शेजाऱ्याचं नाव आहे. अशी याचिका पुकारली गेली की न्यायमूर्तींची नजर आधी त्या पानांवर जाते. मग काय होतं ते हायकोर्टात वावरलेल्या प्रत्येकाला माहीत आहे. "आम्हाला यात हस्तक्षेप करावासा वाटत नाही" असं वरून येतं, आणि वकील डिस्चार्ज अर्जाची मुभा मागून याचिका मागे घेतात. भावासोबत तुम्हीही रिकाम्या हाताने परत. घर एक आहे हे मान्य, पण फौजदारी कायद्यात प्रत्येकाचा वाटा वेगळा मोजतात. तुमची याचिका वेगळी असू द्या, आणि जमल्यास वकीलही वेगळा. आईला हे पटणार नाही. "तू आम्हाला सोडलंस" असं ऐकावं लागेल. त्यांना सांगा की तुमची याचिका भावाच्या विरोधात नाही, आणि आईवडिलांचीही स्वतंत्र झाली तर त्यांच्याही फायद्याची आहे.

कधी जायचं? मी असतो तर दोषारोपपत्राची वाट पाहिली असती. गणपतीच्या प्रसंगाला दुजोरा देणारा एकही जबाब नोंदला गेला नाही, हे हायकोर्टाला तेव्हाच दाखवता येईल. दुजोरा असेल, तर घाई केली नाही याचं समाधान मिळेल. दोषारोपपत्र दाखल झालं म्हणून क्वॉशिंगचा रस्ता बंद होत नाही, हे २०१८ मध्येच ठरून गेलं आहे. डिस्चार्जच्या साठ दिवसांचं घड्याळ मात्र हायकोर्टात गेल्याने आपोआप थांबत नाही, म्हणून तो अर्ज मुदतीत टाकूनच ठेवा. अटकेची भीती आज फारशी नाही. नोटिशीप्रमाणे हजर राहणाऱ्याला अटक करायची तर पोलिसांना कारणं नोंदवावी लागतात. २०१४ चा अर्नेशकुमार निकाल ४९८अ च्याच प्रकरणातला आहे. नोटिशीची आणि हजेरीची प्रत जपा.

मुंबईच्या खेपांची काळजी तुम्ही लिहिली आहे. ऑगस्ट २०२५ पासून सांगली आणि सोलापूर दोन्ही जिल्ह्यांची हायकोर्टातली प्रकरणं मुंबई हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात. तिथलीच चौकशी करा.

आणि आता जरा नाजूक. तुमच्या पत्रात "खोटारडी" हा शब्द पुन्हा पुन्हा येतो. तुम्ही पुण्यात राहता; भाऊ-वहिनींच्या खोलीत काय घडत होतं हे तुम्हाला भावाकडून कळलं आहे. दवाखान्याचा कागद भावाच्या भागात आहे, हे पुन्हा सांगतो. वहिनींचं भावाबद्दलचं म्हणणं खरं असूनही तुमच्यावरची केस टिकणार नाही, असं होऊ शकतं. कायद्याला त्यात काही विसंगत वाटत नाही. म्हणून याचिकेत त्यांच्या चारित्र्यावर, माहेरच्यांवर घसरणारे परिच्छेद घालू देऊ नका. मसुदे करणाऱ्यांना त्याची खोड असते. त्याने तुमचा एकही मुद्दा बळकट होत नाही, आणि समझोत्याची वेळ आली तर तेच परिच्छेद आड येतात.

समझोता हा चौथा रस्ता. ४९८अ महाराष्ट्रात तडजोडयोग्य गुन्हा नाही. म्हणजे वहिनींनी "तक्रार मागे घेते" असं पोलीस ठाण्यात लिहून दिलं तरी केस संपत नाही. त्यांना हायकोर्टात शपथपत्र करून संमती द्यावी लागते. नवरा-बायकोच्या वादात अशा संमतीने हायकोर्ट खटला रद्द करू शकतं, हे २००३ आणि २०१२ च्या निकालांनी पक्कं झालं आहे, आणि क्वॉशिंगचे सर्वांत सरळ आदेश याच वाटेने होतात. बहुधा सहमतीचा घटस्फोट, स्त्रीधन परत करणं आणि एकरकमी पोटगी हे सगळं एकाच करारात बसवतात. तुम्ही लिहिता, "चूक नसताना पैसे का द्यायचे?" पैसे भाऊ देणार, त्याच्या संसाराचा हिशेब म्हणून. त्या कराराला तुम्ही फक्त अडथळा होऊ नका.

जर्मनीचं म्हणाल तर नुसता एफआयआर म्हणजे कोर्टात चालू असलेला खटला नव्हे. दोषारोपपत्र येऊन कोर्टाने दखल घेतली की नव्या पासपोर्टला किंवा नूतनीकरणाला त्या कोर्टाची परवानगी लागते. ती मागितली की बहुधा मिळते, मुदतीची आणि परत येण्याची अट घालून. अर्जात काही लपवू नका. पासपोर्टची मुदत संपत आली असेल तर आजच बघा.

ज्यांच्यावर भागीदारीच्या किंवा उसन्या पैशांच्या वादातून फसवणुकीचा गुन्हा दाखल झालाय, अशी बरीच पत्रं माझ्याकडे पडून आहेत. त्यांनीही हेच वाचन करावं, फक्त प्रश्न बदलून : पैसे घेतले त्या दिवशीच बुडवायचा इरादा होता, असं फिर्यादीत कुठे आहे का? नंतर पैसे थकले एवढंच असेल तर तो दिवाणी वाद आहे, आणि त्याला फौजदारी रूप दिलेलं कोर्टांना चालत नाही. खून, बलात्कार अशा गुन्ह्यांत मात्र समझोत्याने खटला सहसा रद्द होत नाही. त्याबद्दल लिहिणाऱ्यांना माझ्याकडे दुसरं उत्तर नाही.

आणि हायकोर्टही नाही म्हणालं, डिस्चार्जही फेटाळला गेला, तर? खटला चालेल. दंडाधिकाऱ्यांचं कोर्ट, बऱ्याच तारखा, प्रत्येक वेळी हजेरीमाफीचा अर्ज. त्रास आहेच, पण तुम्ही लिहिता तसं 'आयुष्य संपणं' नाही. पेनड्राइव्ह तेव्हा उघडू. तोवर मूळ फोन विकू नका, फॉरमॅट करू नका. इलेक्ट्रॉनिक पुराव्याला प्रमाणपत्र लागतं आणि ते मूळ यंत्राशी जोडलेलं असतं.

शेवटी वकिलाच्या फीचं. वेगळा वकील परवडणार नाही असं तुम्ही गृहीत धरलंय. विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे कोणत्याही स्त्रीला, तिचं उत्पन्न कितीही असो, ती फिर्यादी असो की आरोपी, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. जिल्हा न्यायालयाच्या आवारात त्यांचं कार्यालय असतं. आईसाठीही तिथेच अर्ज करता येईल. जाताना फिर्यादीची प्रत, पोलिसांची नोटीस आणि आधार कार्ड घेऊन जा.